तोंड धुऊन येऊ नये

माणूस दिवसभर काय करतो याची नोंद सरकार ठेवतं आणि झोपेत काय करतो याची ठेवत नाही, ही या देशातली सगळ्यांत मोठी प्रशासकीय चूक आहे, असं मानणारा पृथ्वीच्या पाठीवर एकच माणूस आहे, आणि तो माझा चुलतसासरा आहे. नुसतं मानून ते गप्प बसले असते तर माझी काही तक्रार नव्हती. चुलतसासरे काय काय मानत असतात. पण सदतीस वर्षं तलाठी म्हणून लोकांच्या जमिनी कागदावर चढवलेला हा माणूस निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी पहाटे उठला, न्हावऱ्यातल्या आपल्या घराच्या ओट्यावर त्यानं एक जुनं टेबल टाकलं आणि मागच्या भिंतीवर पत्र्याची पाटी ठोकली: ‘स्वप्न नोंदणी. वेळ पहाटे साडेपाच ते आठ. तोंड धुऊन येऊ नये.’

त्या शेवटच्या सूचनेवर आप्पांचा फार कटाक्ष. आप्पा म्हणजे हेच ते. "तोंडाला पाणी लागलं की निम्मं सपान उतरतं पाव्हणं, आन् चहा प्याला की ऱ्हायलेलं निम्मं," असं त्यांनी मला लग्नानंतरच्या पहिल्याच मुक्कामात बजावलं होतं. त्यामुळे सकाळी त्यांच्या ओट्यावर जी मंडळी जमतात, ती पाहून एखाद्या परक्या माणसाला वाटावं की गावात काहीतरी साथ आलेली आहे. केस पिंजारलेले, डोळ्यांत चिपडं, अंगावर वाकळ तशीच ओढलेली. डेअरीला दूध घालायला निघालेला माणूस किटली खाली ठेवून रांगेत उभा राहतो आणि आपलं स्वप्न सांडू नये म्हणून कुणाशी बोलत नाही.

सुरुवातीला गाव हसलं. मग एकदोघं गंमत म्हणून गेले. मग लोकांच्या असं लक्षात आलं की आपलं बोलणं मान खाली घालून, मध्ये न तोडता, शब्दन् शब्द लिहून घेणारा माणूस आपल्याला जन्मात पहिल्यांदाच भेटतो आहे. तिथून जी रांग लागली ती लागलीच.

आप्पांची नोंदवही त्यांनी स्वतः आखलेली आहे आणि ती आखताना त्यांच्या डोळ्यांसमोर सातबाऱ्याशिवाय दुसरं काही नव्हतं. स्वप्नात पाणी दिसलं की ते बागायत, न दिसलं की जिरायत. मेलेलं माणूस दिसलं की वारस नोंद. नवराबायकोला एकाच रात्री एकच स्वप्न पडलं तर सामाईक. भर बाजारात आपण अंगावर कपड्यांशिवाय उभे आहोत, असं जे स्वप्न तुम्हाला, मला आणि सरपंचांनाही पडतं, ते आप्पा गायरान या सदरात घालतात. सगळ्यांत महत्त्वाचा रकाना चतुःसीमेचा. "म्हस उडाली, बरं. कुठनं उडाली? उगवतीला काय व्हतं? मावळतीला?" बिचाऱ्या दूधवाल्याला म्हैस उडाल्याचाच एवढा धक्का बसलेला असतो, की तिच्या पूर्वेला कोणाचं शेत होतं हे त्याला आठवत नाही. मग आप्पा पेन थांबवून वाट बघतात. त्यांना घाई नसते.

वहीतला शेवटचा रकाना शेऱ्याचा. तो मात्र आप्पा कधीच भरत नाहीत. "शेरा मारायचा अधिकार वरच्याचा," म्हणतात. एकदा एका म्हातारीनं, स्वप्नात दात पडला, हे चांगलं का वाईट, म्हणून त्यांचा फारच पिच्छा पुरवला. आप्पा म्हणाले, "आत्याबाई, रान चांगलं का वाईट हे तलाठी सांगत नसतो. पेरून बघायचं." म्हातारी समाधानानं गेली. काय समजली कोण जाणे.

आता या कारभारात माझी अवस्था कशी होती ते सांगतो. मी दौंडला राहतो आणि कुरकुंभच्या एका औषधाच्या कंपनीत पाळीचा सुपरवायझर आहे. एक आठवडा पहिली पाळी, एक आठवडा दुसरी, एक तिसरी. अशा माणसाला झोप लागते हीच मेहेरबानी, त्यात स्वप्न कुठलं पडायला? सासुरवाडीला गेलं की पहाटे आप्पा उशाशी हजर. "पाव्हणं, काय हाय का?" मी नाही म्हणायचो, आणि माझ्या नावापुढे ‘निरंक’ लागायचं. धाकट्या साडूंच्या नावावर अकरा बागायती आणि माझा उतारा कोरा. माझी बायको मला म्हणाली, "माहेरी मान खाली घालायला लावता तुम्ही."

तेव्हा एकदा मी सरळ खोटं स्वप्न रचलं. रंगीबेरंगी, एक मोर, एक देऊळ, भरपूर पाणी. आप्पांनी आनंदानं लिहून घेतलं. चतुःसीमा विचारली. मीही तयारीचा गडी. पूर्वेला विहीर, पश्चिमेला देऊळ, उत्तरेला डांबरी रस्ता, दक्षिणेला उसाचा फड. आप्पांनी हळूच पेनाला टोपण लावलं.

"पाव्हणं, ह्ये सपान न्हाई. ह्यो प्लॉट हाय."

"म्हणजे?"

"खऱ्या सपनाला तीनच बाजू सापडत्यात. चवथी उघडी असती. तिकडनंच तर माणूस आत जातो." आणि त्यांनी माझ्या नावापुढे पुन्हा एकदा निरंक लिहिलं.

आप्पा दौंडला आमच्याकडे राहायला येतात तेव्हा वही बरोबर असतेच. एकदा तिसरी पाळी करून मी पहिल्या बसनं येऊन झोपलेलो असताना ते सकाळी कंपनीच्या बसथांब्यावर जाऊन बसले. तिसऱ्या पाळीची पोरं नुकतीच मागून आलेल्या बसमधून उतरत होती. बिहारकडची, झारखंडची, घरापासून लांब असलेली पोरं. कुणीतरी म्हातारा प्रेमानं "सपना आया क्या?" असं विचारतोय म्हटल्यावर ती घडाघडा बोलली. कुणाला गावाकडचं तळं दिसलं होतं, कुणाला बहिणीचं लग्न. आप्पांनी सगळं त्यांच्याच हिंदीत उतरवून घेतलं. फक्त सवयीप्रमाणे वेळ आणि ठिकाण यांचे रकानेही भरले: ‘पहाटे तीन ते साडेतीन, पॅकिंग विभाग, खोक्यांच्या मागे.’ अशा नऊ नोंदी. नऊ जणांनी सह्याही ठोकल्या. म्हणजे माझ्या पाळीत कोण कुठे झोपतं, याचा सहीशिक्क्यानिशी पुरावा माझ्याच घरातल्या टेबलावर येऊन पडला. दुपारी ती नऊ पोरं माझ्या दारात. "चाचा, टाइम काट दो, सपना रहने दो." आप्पा म्हणाले, खाडाखोड चालणार नाही. शेवटी वही कंपनीच्या हद्दीत कधीही न्यायची नाही, या अटीवर तडजोड झाली. मी त्या दिवसापासून खोक्यांच्या मागे बघणं सोडून दिलं आहे.

पण आप्पांची खरी कमाल नोटिशीत. सातबाऱ्यात फेरफार करायचा तर संबंधितांना नोटीस जाते, पंधरा दिवसांत हरकत घ्यायची मुभा असते. आप्पांचं म्हणणं, स्वप्नालाही तोच न्याय. तुम्ही दुसऱ्याच्या स्वप्नात दिसलात तर तुम्हाला कळवायला नको? गावात दोन सख्खे भाऊ बांधावरून अकरा वर्षं बोलत नव्हते. थोरल्याच्या स्वप्नात धाकटा त्याच्या घरी जेवायला आला. झालं, धाकट्याला आप्पांची नोटीस: ‘आपण सदर इसमाच्या स्वप्नात पाटावर बसून जेवताना आढळलात, काही हरकत असल्यास कळवावे.’ धाकटा तणतणत आला.

"म्या कशाला मरायला जातोय त्याच्यात? हरकत लिव्हा!"

"लिव्हतो. पण सुनावणीला दोघं समोर पायजेत," आप्पा म्हणाले.

दोघं आले, ओट्याच्या दोन टोकांना बसले. आप्पांनी स्वप्न मोठ्यानं वाचून दाखवलं. हुलग्याच्या माडग्यापर्यंत वाचन आलं तसा धाकटा उसळला. "आईच्या माडग्यात लसूण नसायचाच! लबाड बोलतोय." थोरला म्हणाला, "तू ल्हान व्हतास, तुला काय म्हाईत?" लसणावरून तासभर वाद झाला, आणि अकरा वर्षांचं बोलणं त्या तासात होऊन गेलं. बांधाचा दावा अजून कोर्टात आहेच. पण तारखेला दोघं एकाच मोटरसायकलवर बसून जातात.

एवढ्या मोठ्या कारभारात एकच जागा रिकामी होती, आणि ती आप्पांना खुपत होती. पहिल्या वहीचं पहिलं पान. ते त्यांनी उद्घाटनालाच नानींसाठी राखून ठेवलं होतं. नानी म्हणजे माझ्या चुलतसासूबाई. उंच, सडपातळ, कमी बोलणाऱ्या. सारा गाव येऊन नवऱ्याला स्वप्नं सांगून जायचा आणि नानी आतून फक्त एकच वाक्य बोलायच्या, "मला सपान पडत न्हाई." आप्पांनी गोडीनं विचारून पाहिलं, रागानं विचारून पाहिलं, लेकींना मध्ये घालून पाहिलं. काही नाही. मला एकदा म्हणाले, "पाव्हणं, ती झोपंत हासती. म्या बघितलंय. म्हंजी काय तरी हाय. आन् सांगत न्हाई." त्यांच्या आवाजात तलाठ्याचा रुबाब औषधालाही नव्हता.

उलगडा झाला तो कांद्याच्या चाळीत. सुट्टीचा दिवस होता, नानी चाळीतला सडका कांदा निवडत बसल्या होत्या आणि जावई असूनही मी त्यांना मदत करत होतो. सहज म्हणून मी विचारलं, "नानी, सांगून का टाकत नाही एखादं? आप्पा झुरतायत."

नानींनी हातातला कांदा दाबून पाहिला आणि बाजूला टाकला. "रान त्यांच्या नावावर. घर त्यांच्या नावावर. डेअरीचं कार्ड, लाइटचं बिल, गॅसचं बुक, समदं त्यांच्या नावावर. सपान तेवढं माझं हाय जावईबापू. त्ये बी वहीत चढवू?"

माझ्याही घरी गॅसचं पुस्तक कुणाच्या नावावर आहे ते मला चांगलं माहीत होतं. मी पुढचा कांदा उचलला.

ही गोष्ट आप्पांना सांगावी की न सांगावी, यात माझे आठ दिवस गेले. पुढच्या खेपेला रांग संपल्यावर ओट्यावर दोघंच होतो तेव्हा सांगून टाकली. आप्पांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"किती जणांच्या बायकांची नावं लावली असतील म्या," ते म्हणाले. "कागद आणा म्हणलं, आणलं की लावलं. ही कवा कागद घेऊन आलीच न्हाई."

"त्या कशाला येतील आप्पा?"

"व्हय. ती कशाला यील," आप्पा म्हणाले आणि टोपी उलटी घालून आत गेले.

त्यानंतर आप्पांनी शिरूरच्या तहसील कचेरीत खेटे घालायला सुरुवात केली. निम्म्या रानावर बायकोचं नाव लावायचं, एवढंच काम. पण जन्मभर टेबलाच्या आतल्या बाजूला बसलेला माणूस पहिल्यांदाच बाहेरच्या बाजूला उभा राहिला होता. एक दिवस अर्ज चुकला, एक दिवस झेरॉक्स राहिली. घरी येऊन म्हणायचे, "बरोबर हाय त्यांचं. आमी बी आसंच करायचो." तिसऱ्या खेपेला अर्ज परत आला तो नानींच्या नावावरून. आप्पांनी लिहिलं होतं लग्नात ठेवलेलं नाव, आणि नानींच्या आधारवर होतं माहेरचं. नानींच्या भावानं कधीतरी माहेरी, तळेगाव ढमढेऱ्याला नेऊन ते कार्ड काढून दिलेलं, आणि आप्पांनी ते उघडून कधी बघितलेलंच नव्हतं. साऱ्या तालुक्याची नावं तोंडपाठ असलेला हा माणूस त्या संध्याकाळी स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा राहिला आणि त्यानं विचारलं, "नाव कंचं लावू तुजं?"

माझी बायको तिथंच भाकरी थापायला बसली होती, तिनं मला हे सांगितलं. नानींनी पदराला हात पुसले. खूप वेळ पुसले. मग माहेरचं नाव सांगितलं, "हिराबाई लावा."

पंधरा दिवसांची हरकतीची मुदत होती. चावडीवर नोटीस लागली होती आणि आप्पा रोज तिच्याजवळ जाऊन उभे राहत. कुणी नुसतं वाचायला थांबलं तरी "काय म्हणणं हाय का तुजं?" असं दरडावून विचारत. कुणाचं काय म्हणणं असणार? मुदत संपली, नोंद झाली. नवा उतारा आप्पांनी नानींच्या पुढ्यात ठेवला आणि ओट्यावर निघून गेले. नानींनी तो घडी घालून डाळीच्या डब्याखाली ठेवला. बस्स. दुसऱ्या दिवशी काही नाही, तिसऱ्या दिवशी काही नाही. आप्पांनीही विचारलं नाही, हे मात्र त्यांच्या नावावर लिहायला हवं.

मी पुन्हा न्हावऱ्याला गेलो तेव्हाची सकाळ. ओट्यावर पाचसहा जणांची रांग होती. आप्पा मान खाली घालून लिहीत होते. रांगेच्या शेवटी नानी येऊन उभ्या राहिल्या. केस मोकळे, तोंड न धुतलेलं. आप्पांनी वर पाहिलं. "आत चहा ठिव, आलोच," म्हणाले.

"म्या लायनीत हाय," नानी म्हणाल्या.

आप्पांनी पुढची चार स्वप्नं कशी लिहिली ते त्यांचं त्यांना माहीत. नंबर आला तशा नानी समोरच्या खुर्चीवर बसल्या. आप्पांनी पहिली वही काढली, पहिलं पान उघडलं आणि आयुष्यात पहिल्यांदा बायकोला अहोजाहो केलं.

"नाव सांगा."

"तुमाला ठाव न्हाई व्हय?"

"नोंदीला सांगावं लागतं."

"हिराबाई."

"काय दिसलं?"

"तळेगावास्नं यस्टीत बसलीया. खिडकीपशी. हातात पिशवी न्हाई, काय न्हाई. आपला फाटा आला, पन गाडी थांबलीच न्हाई. कंडक्टर म्हनला, बसा, बसा. आन् म्या बसले. गाडी आपली चालली."

"पाणी?"

"न्हाई."

"जिरायत," आप्पा पुटपुटले. पेन थोडं अडखळलं. पुढचा प्रश्न वहीत नव्हता. "आन्... आमी?"

"तुमी न्हवता."

"मागच्या शिटावर बघितलंस का?"

"कुनीच न्हवतं. म्या आन् कंडक्टर."

रांग संपली होती तरी दूधवाला किटली धरून तसाच उभा होता. आप्पा पुढच्या रकान्यावर आले. "चतुःसीमा. उगवतीला?"

"कांद्याची रानं."

"मावळतीला?"

"माहेरची इहीर."

"उत्तरेला?"

"खिडकी. वारं यीत व्हतं."

"दक्षिणेला?" हे आप्पांनी दोनदा विचारलं. ते का, हे त्या ओट्यावर मला एकट्यालाच कळलं. चौथी बाजू सापडली असती तर ते स्वप्न खोटं ठरणार होतं.

नानींनी डोळे मिटून आठवून पाहिलं. "न्हाई. तिकडचं काय दिसलं न्हाई."

आप्पांनी दक्षिणेपुढे रेघ मारली. वही फिरवून पुढे केली. नानींनी एकेक अक्षर जुळवत सही केली, आणि चहा ठेवायला आत गेल्या.

मी ते पान दुपारी चोरून पाहिलं. शेऱ्याचा रकाना भरलेला होता. आप्पांच्या ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं: ‘गाडी फाट्यावर थांबत नसल्यास अर्जदारास पुढे जाऊ द्यावे. परतीच्या वेळी अधोहस्ताक्षरित फाट्यावर समक्ष हजर राहील.’

तेव्हापासून नानी तळेगावच्या आठवडी बाजाराला एकट्या जातात, भावाकडे जेवतात आणि एसटीनं परत येतात. आप्पा गाडीच्या अर्धा तास आधी फाट्यावर जाऊन उभे राहतात. पंचेचाळीस वर्षांच्या संसारात बायकोला उतरून घ्यायला ते कधी गेले नव्हते. आता गाव हसतं, आणि ते गावाला "समक्ष हजर ऱ्हावं लागतं" असं सांगतात.

मागच्या महिन्यात मी पुण्याहून येताना तळेगावला तीच गाडी धरली. माझी बायको न्हावऱ्यातच होती. नानी खिडकीशी बसल्या होत्या, मांडीवर बाजाराची पिशवी, आणि निम्म्या वाटेत त्यांचा डोळा लागला. फाटा आला. आप्पा दारातच उभे. मी नानींना उठवायला हात पुढे केला, तेवढ्यात आप्पा वर चढले आणि त्यांनी माझा हात धरला.

"ऱ्हाऊ द्या पाव्हणं. हासतीया, बघा."

खरोखरच त्या हसत होत्या. अगदी थोडंसं.

कंडक्टरनं घाई केली तेव्हा आप्पांनी त्याला हळूच विचारलं, गाडी पुढं कुठवर जाती. तो म्हणाला, मांडवगण. आप्पांनी एक तिकीट स्वतःचं आणि एक नानींचं काढलं. मग वाकून, श्वास रोखून, त्यांनी नानींच्या मांडीवरची पिशवी अलगद उचलली आणि माझ्या हातात दिली.

"ही घरी न्या," ते कुजबुजले. "तिच्या हातात पिशवी न्हवती."

आणि ते पार मागच्या शिटावर जाऊन बसले.